एक पिक्सेल म्हणजे किती मिलिमीटर?

एपीआय-एमएस-विन-एसएचकोर-स्केलिंग-एल१-१-१.डीएलएल.

लागली ना धाप? हे एका फाईलचं नाव आहे. विंडोज ७ वर एखादा नवा प्रोग्राम चालू करायला गेलात की कधी कधी एक चौकट येते आणि ही फाईल सापडत नाही म्हणून गळा काढते. विंडोज ७ चा सपोर्ट मायक्रोसॉफ्टने जानेवारी २०२० मध्येच बंद केला, पण आपल्याकडे दुकानं, गाळे, क्लास, सोसायटीची ऑफिसं अशा ठिकाणी अजून ती मशीन्स सुखाने नांदतायत. मग कोणीतरी उत्साही भाचा नेटवरून हीच डीएलएल "फुकटात" उतरवून घेतो, सिस्टीम फोल्डरमध्ये टाकतो आणि वर दोन-तीन व्हायरसही घरी आणतो. प्रोग्राम काही चालू होत नाही तो नाहीच.

का चालू होत नाही, तर गंमत अशी आहे की या नावाची फाईल म्हणजे खऱ्या अर्थाने फाईलच नाही. ती नुसती पाटी आहे. विंडोज ८.१ पासून पुढे ही पाटी वाचून विंडोज प्रोग्रामला एसएचकोर.डीएलएल नावाच्या खऱ्या लायब्ररीकडे पाठवतं. काम करणारा माणूस तिथे बसलाय. विंडोज ७ च्या घरात तो माणूसच राहत नाही. दारावर पाटी ठोकून उपयोग काय?

आता तुम्ही म्हणाल, रविवारी सकाळी पोहे खाऊन झाल्यावर हे काय भलतंच? सांगतो. या पाटीमागे बसलेल्या माणसाचं काम काय आहे ते कळलं, की तुमच्या नव्या कोऱ्या लॅपटॉपवर जुना प्रोग्राम मुंगीएवढा किंवा धुरकट का दिसतो ते कळेल. आणि हा विषय मला नुसता तांत्रिक वाटत नाही. का ते पुढे येईलच.

९६ नावाचा आकडा

आधी एक साधा प्रश्न. एक पिक्सेल म्हणजे किती मिलिमीटर?

उत्तर: ते स्क्रीनवर अवलंबून आहे. पण सॉफ्टवेअरवाल्यांनी कित्येक वर्षं तसं मानलंच नाही. सुरुवातीच्या मॅकिंतॉशवर एका इंचात ७२ पिक्सेल, म्हणजे छपाईच्या एका पॉइंटला एक पिक्सेल, असा सरळ हिशोब होता. मायक्रोसॉफ्टने विचार केला की माणूस कागदापेक्षा स्क्रीन जरा लांबून बघतो, तेव्हा अक्षर एक तृतीयांशाने मोठं हवं. ७२ चे झाले ९६. हा ९६ पुढे इतका मुरला की आज वेबपेज लिहितानाही एक सीएसएस पिक्सेल म्हणजे एक इंचाचा ९६ वा भाग असंच धरतात.

जुन्या मॉनिटरवर हे खपून गेलं. १२८० बाय १०२४ चा १९ इंची मॉनिटर आठवतो? त्यावर इंचाला साधारण ८६ पिक्सेल पडतात. १३६६ बाय ७६८ च्या १५.६ इंची लॅपटॉपवर १०० पडतात. ९६ च्या आसपासच सगळं. म्हणून आमच्या आधीच्या पिढीतल्या प्रोग्रामरनी बिनधास्त लिहून टाकलं: बटण १२० पिक्सेल रुंद, ओळ १६ पिक्सेल उंच. कोणाचं काही अडलं नाही.

मग स्क्रीन बदलले. २०१० मध्ये आयफोन ४ आला, इंचाला ३२६ पिक्सेल. २०१२ मध्ये रेटिना मॅकबुक प्रो आला, इंचाला २२० च्या घरात. पाठोपाठ विंडोजचे लॅपटॉपही. आज साधा १४ इंची फुल एचडी लॅपटॉप घेतला तरी इंचाला १५७ पिक्सेल होतात. १५.६ इंची ४के घेतला तर २८२.

आता ती १६ पिक्सेलची ओळ मोजून बघा. जुन्या १९ इंची मॉनिटरवर ती ४.७ मिलिमीटर उंच होती. १४ इंची फुल एचडीवर २.६ झाली. ४के वर १.४! प्रोग्राम तोच, कोड तोच, अक्षर मात्र एक तृतीयांशही उरलं नाही. औषधाच्या बाटलीवरची एक्सपायरी डेट वाचायचा प्रयत्न केलाय ना कधी? तसंच.

विंडोज थापा मारतं

हे सगळं मायक्रोसॉफ्टला दिसत होतं. विंडोज ९५ च्या काळातही "लार्ज फाँट्स" नावाची सोय होतीच, ९६ ऐवजी १२० ची. पण ती लावली की निम्मे प्रोग्राम वेडेवाकडे दिसायचे. बटणं खिडकीबाहेर, अक्षरं एकमेकांच्या अंगावर. कारण प्रोग्राम ९६ धरूनच लिहिलेले.

म्हणून व्हिस्टापासून (२००७) विंडोजने एक शक्कल काढली. प्रोग्रामने आधी सांगायचं: "मला डीपीआय कळतो." तसं सांगितलं तर विंडोज खरा आकडा देणार. सांगितलं नाही तर विंडोज सरळ थाप मारणार: "हो हो, स्क्रीन ९६ चाच आहे, तू काढ तुझं चित्र." प्रोग्राम बिचारा ९६ च्या हिशोबाने आपलं चित्र काढतो आणि विंडोज मागच्या मागे ते चित्र ताणून दीडपट करतं.

झेरॉक्सवाल्याकडे जाऊन ए५ चा कागद ए४ करून घ्या. अक्षर मोठं होतं, पण कडा पिसकटतात. अगदी तेच. १५० टक्क्यांवर जुना प्रोग्राम धुरकट दिसतो तो यामुळे. चष्मा पुसून उपयोग नाही.

पुढची अडचण म्हणजे दोन स्क्रीन. लॅपटॉप १५० टक्क्यांवर, शेजारचा मॉनिटर १०० वर. खिडकी इकडून तिकडे सरकवली की काय करायचं? यासाठी विंडोज ८.१ मध्ये (२०१३) प्रत्येक मॉनिटरचा वेगळा डीपीआय विचारायची सोय झाली, आणि ती सोय जिथे राहते ती आपली एसएचकोर.डीएलएल. त्यातही टायटल बारसारख्या गोष्टी नीट बदलत नव्हत्या. ते २०१७ च्या विंडोज १० च्या क्रिएटर्स अपडेटमध्ये बरंचसं मार्गी लागलं. जावाने विंडोज आणि लिनक्सवर हे शिकायला २०१७ चं जावा ९ उजाडावं लागलं. म्हणजे रेटिना स्क्रीन येऊन पाच वर्षं झाली तरी डेस्कटॉपवाले अजून अभ्यासच करतायत!

फोनवाले मात्र सुटले. अँड्रॉइडने १६० हा पाया धरून "डीपी" नावाचं वेगळं मापच वापरायला लावलं. स्क्रीन कुठलाही असो, बटण बोटाएवढंच. त्यांची पाटी कोरी होती. विंडोजच्या डोक्यावर मात्र १९९० च्या दशकापासूनच्या प्रोग्रामचं गाठोडं, आणि त्यातला एकही बंद पडून चालत नाही.

कांदा-बटाटा मार्केट

आता मुद्द्याचं. एका मित्राच्या वडिलांचा वाशीला एपीएमसीच्या कांदा-बटाटा मार्केटमध्ये गाळा आहे. मागच्या पावसाळ्यात मित्राने विचारलं, "जरा येऊन बघशील का, नवीन लॅपटॉप घेतल्यापासून पट्टीचा प्रोग्राम नीट दिसत नाहीये." आयटीवाला असलं की शेजारच्यांचा प्रिंटर आणि मित्रांचे लॅपटॉप हे नशिबी असतंच :) शनिवारी गेलो.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: शेतकऱ्याचा माल विकला गेला की आडत्या त्याला हिशोबपट्टी देतो. किती गोणी, किती वजन, काय भाव, त्यातून गाडीभाडं वगैरे खर्च वजा जाता हातात किती. जुन्नरहून किंवा संगमनेरहून माल पाठवलेल्या माणसाच्या तीन-चार महिन्यांच्या कष्टाचं उत्तर त्या एका कागदावर असतं.

या गाळ्यावर पट्टी करतात ते दिवाणजी काका. वय ५८, बावीस वर्षं इथेच. प्रोग्रामही जवळपास तेवढाच जुना, व्हिज्युअल बेसिक ६ मधला. त्यात मराठी युनिकोडमध्ये नाही, जुन्या पद्धतीच्या फाँटात. म्हणजे मागे साठवलेली इंग्रजीचीच अक्षरं, नुसता फाँट मराठीचा मुखवटा घालणार. आकडेही देवनागरी उमटणारे.

जुना १९ इंची मॉनिटर जाऊन १४ इंची लॅपटॉप आला. लॅपटॉप विकणाऱ्याने आधी १०० टक्क्यांवर ठेवून दिला. अक्षर मुंगीएवढं. काकांनी तक्रार केल्यावर १५० केला. अक्षर मोठं झालं पण धुरकट. पुन्हा तक्रार केली तेव्हा त्याने मित्राच्या वडिलांना बाजूला घेऊन सांगितलं, "मशीन एकदम ओके आहे, काकांचे डोळे गेलेत."

आणि हे सगळ्यांना पटलं! काकांनाही. एका वर्षापूर्वी त्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं, त्यामुळे पटायला वेळ लागला नाही. दोनदा चष्म्याचा नंबर तपासून आले, एकदा नवीन काचाही केल्या. त्यातच एका पट्टीवर १९ गोण्यांच्या जागी ११ पडल्या. पट्टी बाहेर जायच्या आत लक्षात आलं, पण गाळ्यावर चर्चा सुरू झाली. काकांना आता फोनवर बसवू, कॉम्प्युटरला नवीन पोरगा घेऊ.

देवनागरी १ आणि ९ शेजारी ठेवा आणि डोळे किलकिले करून बघा. दोघांमध्ये फरक तो केवढा? एक गाठ, एक वळण. चित्र ताणून दीडपट केलं की ते वळण पहिलं विरघळतं. इंग्रजीतला १ आणि ९ सहसा असा घोळ करत नाहीत.

मी गेलो तेव्हा काका म्हणाले, "बाळ, तू बघ काय करायचंय ते, पण माझंच वय झालंय आता."

मी काहीच कोड लिहिला नाही. प्रोग्रामच्या आयकॉनवर राईट क्लिक, प्रॉपर्टीज, कंपॅटिबिलिटी, खाली हाय डीपीआय सेटिंग्जचं बटण, त्यात ओव्हरराईडवर टिक आणि यादीतून "सिस्टीम (एन्हान्स्ड)". प्रोग्राम बंद करून पुन्हा चालू केला.

या पर्यायात विंडोज थाप तीच मारतं, पण चित्र पूर्ण झाल्यावर ताणत नाही. प्रोग्राम "इथे अमुक अक्षर काढ" असं म्हणतो तेव्हाच ते अक्षर मोठ्या मापात नव्याने काढतं. म्हणजे झेरॉक्स नाही, मोठ्या अक्षरात पुन्हा लिहिलेलं. सगळ्या प्रोग्रामना हे चालत नाही. ज्यांची अक्षरं विंडोजच्या जुन्या जीडीआय लायब्ररीतून येतात त्यांनाच चालतं, आणि व्हीबी ६ त्यातलंच. वरचे टूलबारचे आयकॉन धुरकटच राहिले, कारण ती मुळात चित्रंच आहेत. पण अक्षर लख्ख झालं.

काकांनी चष्मा वर केला, खाली केला, आणि कालची एक पट्टी उघडून मोठ्याने वाचायला लागले. नाव, गाव, गोणी, वजन, भाव. एकदाही अडखळले नाहीत. मग मालकांकडे न बघता एवढंच म्हणाले, "म्हणजे डोळे शाबूत आहेत."

गाळ्यावर एकदम शांतता. मित्राचे वडील उठून चहा सांगायला गेले. चहा सांगायला पोरगा समोरच उभा होता, तरी ते स्वतः गेले.

शिरोरेषेचा हिशोब

घरी येताना एकच विचार डोक्यात होता. आमच्या धंद्यात "युजरला कळत नाही" हे किती पटकन बोललं जातं! मशीन चुकलं की मशीनची चौकशी होते. मशीन अर्धवट चुकलं, म्हणजे चालतंय पण धुरकट, की चौकशी माणसाची होते. तो विकणारा काही वाईट माणूस नव्हता. त्याला स्वतःला त्या स्क्रीनवर दिसत होतं, वय तिशीचं, म्हणून संपलं.

त्यात मराठीचं म्हणून एक वेगळंच दुखणं आहे. रोमन अक्षरं सुटी सुटी उभी असतात. आपली शिरोरेषेला धरून. जुन्या मॉनिटरवर छोट्या अक्षराची शिरोरेषा एक पिक्सेल जाड. ती १२५ टक्के करा: सव्वा पिक्सेल. पाव पिक्सेल काढणार कुठे? मग एक तर ती एकचाच राहते, नाहीतर खाली करडी सावली पडते. दोन अक्षरांच्या मधे कुठे फट दिसते, कुठे काळा ठिपका. २०० टक्क्यांवर हा प्रश्नच नाही, एकाचे सरळ दोन. म्हणून मॅकवाले आधी दुप्पट मापात चित्र काढतात आणि मग लागेल तेवढं लहान करतात. लहान करताना फारसं बिघडत नाही, मोठं करताना बिघडतं.

दुसरं दुखणं उंचीचं. इंग्रजीला ओळ बसली म्हणजे मराठीला बसेलच असं नाही. आपल्याकडे वर रफार, मात्रा, अनुस्वार आणि खाली उकार. ओळीची उंची पिक्सेलमध्ये ठोकून ठेवलेली असेल आणि अक्षर स्केल झालं, तर पहिला छाटला जातो तो वरचा मजला. "कर्ज"चं "कज" होतं. "किंमत"ची "किमत" होते. इंग्रजी लेबलवर टेस्ट करणाऱ्या माणसाला हे कधीच दिसणार नाही.

आणि आपल्या अक्षरांसाठी कोणी विचारच केला नव्हता असं नाही बरं का. विंडोज २००० मध्ये पहिल्यांदा मराठी जोडाक्षरं नीट दिसायला लागली. त्यामागे युनिस्क्राईब नावाची लायब्ररी होती (यूएसपी१०.डीएलएल), आणि दिसणारी अक्षरं होती मंगल फाँटची. तो फाँट र. कृ. जोशींचा. जन्म १९३६, गेले २००८ मध्ये. कवी, सुलेखनकार, जाहिरात क्षेत्रात काम केलेले, आयआयटी मुंबईच्या आयडीसीत शिकवलेले. जुहूच्या एनसीएसटी या सरकारी संस्थेबरोबर त्यांनी भारतीय लिप्यांच्या फाँटवर काम केलं. ही संस्था पुढे सी-डॅकमध्ये विलीन झाली. सी-डॅकचं एक ऑफिस आपल्याच इथे, खारघर स्टेशनसमोर आहे.

मंगलला आपण खूप नावं ठेवली. जाड, ठोकळेबाज, वगैरे. मीही कॉलेजात ठेवायचो. पण इंचाला ९६ पिक्सेलमध्ये "ष्ट्य" वाचता येईल असं बसवून दाखवा म्हटलं तर भल्याभल्यांचा घाम निघेल. मोजक्या चौकटींत आपली अक्षरं ओळखू यावीत यासाठी केलेलं काम आहे ते. विंडोज ८ पासून (२०१२) पडद्यावर त्याची जागा निर्मला यूआयने घेतली. आज आपल्याकडे २८२ पिक्सेल आहेत, नोटो आहे, मुक्त आहे, कसलीही टंचाई नाही. आणि एवढ्या श्रीमंतीत आपण जुनं ९६ चं चित्र ताणून धुरकट करून बघतोय!

जाता जाता

प्रोग्रामर असाल तर तीनच गोष्टी. मॅनिफेस्टमध्ये डीपीआयची ओळ टाका, आणि टाकण्याआधी खरंच तपासा. नुसतं "मला कळतं" सांगून काही न करणारा प्रोग्राम थापेपेक्षा वाईट, तो मुंगीएवढाच राहतो. टेस्टिंगमध्ये १२५ आणि १५० टक्के घ्याच, कारण लॅपटॉपवाले लोक तिथेच राहतात. आणि एक तरी लेबल मराठीत ठेवून बघा, ज्यात रफार आणि उकार दोन्ही असतील. "पुनर्मूल्यांकन" टाका, सगळं एका दमात तपासून होईल :)

प्रोग्रामर नसाल तर एकच. घरी आई-बाबा, ऑफिसात कोणी सिनिअर माणूस "दिसत नाही रे" म्हणाले, तर चष्म्याच्या दुकानात न्यायच्या आधी एकदा स्वतः त्यांच्या खुर्चीत, त्यांच्या अंतरावर बसून तो स्क्रीन बघा. डोळ्यांची तपासणी करायची तर जरूर करा, पण सोबत मशीनचीही करा. नाव कितीही लांबलचक असलं, तरी डीएलएल फाईलला स्वतःची नोकरी जायची भीती नसते. समोर बसलेल्या माणसाला असते.

असो. बाहेर पाऊस थांबलाय, पाम बीचला चक्कर मारून येतो.